हौदाची ओळ

मी अकरावीत असताना एक माणूस आमच्या भिंतीवर लाल रंगाची फुली मारून गेला. बाबा आत खाटेवर होते, आई लारीवर, म्हणजे तिच्या हातगाडीवर होती, दारात मी एकटी. माणूस वाईट नव्हता. "बेन, जरा खसो ने, कपडां बगडशे," म्हणाला. माझे कपडे खराब होऊ नयेत म्हणून मला बाजूला केलं आणि घराला फुली मारली.

आमचं घर बडोद्यात, वाडी नावाच्या भागाच्या पलीकडे, डभोई रस्त्याच्या अंगाला, जुन्या पागेच्या भिंतीला टेकून आहे. संस्थानच्या काळात तिथे महाराजांचे घोडे असायचे. माझे पणजोबा त्या घोड्यांना नाल ठोकायचे. त्यांना पागेमागे घरापुरती जागा मिळाली आणि त्यांनी विटामातीच्या दोन खोल्या बांधल्या. पुढची सिमेंटच्या पत्र्यांची खोली बाबांची. संस्थान गेलं, घोडे गेले, पागेत गोदाम आलं. आम्ही मात्र होतो तिथेच राहिलो. फक्त सरकारी दफ्तरात ती सगळी जमीन 'सरकारी पडतर', म्हणजे पडीक, म्हणून चढली होती, आणि हे आमच्या घरात कोणाला ठाऊकच नव्हतं.

ठाऊक नव्हतं, पण भोगत होतो. नळाचा अर्ज केला की परत यायचा. लाइटचं मीटर नाही, गटार नाही. शेजारच्या सोसायटीतून एक वायर घेतली होती, तीही त्यांच्या मर्जीवर. बाबा पादरा गावाच्या रस्त्यावरच्या एका कारखान्यात कंत्राटी कामगार होते. छाती गेली आणि घरी बसले. आई सेवउसळीची लारी लावायची. पहाटे ती सोसायटीच्या टाकीतून हंडे भरून आणायची आणि मग वाटाणे शिजायला टाकायची. आता ते घरही जाणार होतं. दबाण आहे, पाडायचं आहे, अशी नोटीस आली होती. अतिक्रमणाला बडोद्यात मराठी माणूसही दबाणच म्हणतो.

मी आमच्या घराण्यातली पहिली ग्रॅज्युएट आहे. हे मी कुठेही सांगते, ऐकणाऱ्याला कंटाळा आला तरी सांगते. पण ज्या माणसाबद्दल आज लिहिते आहे, त्याने मला ग्रॅज्युएट होण्याच्या तीन वर्षं आधीच ती पदवी देऊन टाकली होती, आणि तीही चिडवायला.

त्याचं असं झालं. मी कॉलेजात जाईपर्यंत आमच्या वकीलसाहेबांनी पाडकामावर स्टे मिळवला आणि सरकारविरुद्ध दावा लावला. तरुण होते, गुजराती होते, मनाने चांगले होते. "कागळ छे कोई?" त्यांनी विचारलं. आईने देवघरातून लाल फडक्यात बांधलेली पणजोबांची सनद काढली. वकीलसाहेबांनी ती उलटीसुलटी केली. कागदभर एकही ओळ न तोडता, हात न उचलता लिहिलेली मोडी. म्हणाले, "हे वाचणारं माणूस वाडीत एक आहे. डोकं जरा वेगळं आहे. पण कोर्टात त्यांचा शब्द चालतो."

कोर्टात सगळे त्यांना मोडीकाका म्हणायचे. मीही तेच म्हणते.

वाडीतल्या एका पोळात, म्हणजे जुन्या घरांच्या गल्लीत, दोरी धरून चढायच्या जिन्यावर त्यांची भाड्याची खोली होती. आई आणि मी गेलो तेव्हा दार उघडलं ते एका बुटक्या, स्वच्छ दाढी केलेल्या म्हाताऱ्याने. गळ्यात नाडीला बांधलेलं भिंग. बसा नाही, कोण तुम्ही नाही.

"जमिनीचं की वारसाचं?"

"जमिनीचं," मी म्हटलं.

"कोणाविरुद्ध?"

"सरकार."

"मग चपला आत घ्या. लांबणार आहे हे. बाहेर ठेवल्यात तर कुत्रं नेईल."

आत सगळ्या भिंतींना लोकांचे कागद. फळ्यांवर, खाटेखाली, स्वयंपाकाच्या ओट्यावरसुद्धा. त्यांची बायको वारली होती, मुलगी लग्न होऊन पुण्याला होती, आणि तिने रिकामी केलेली जागा कागदांनी भरून टाकली होती.

"काय शिकता?" मला विचारलं.

मी ऐटीत म्हटलं, "बी.ए. करते आहे. पहिलं वर्ष. इतिहास."

"वा! इतिहास!" त्यांनी सनद माझ्यापुढे धरली. "वाचा."

मी कागदाकडे बघत राहिले.

"तुमच्या पणजोबांचा कागद आहे. इतिहासच आहे की."

"मला मोडी येत नाही."

"मग इथे खाली अंगठा लावा, ग्रॅज्युएट."

आई फिसकन हसली. मला इतका राग आला की परत येताना मी अख्ख्या वाटेत आईशी बोलले नाही. तेव्हापासून मी त्यांच्यासाठी ग्रॅज्युएट. माझं नाव त्यांनी कधी उच्चारलं नाही.

पण त्या दिवशी खरी पंचाईत पुढेच होती. त्यांनी सनद नाकाशी नेऊन हुंगली. कुठलाही कागद ते आधी हुंगायचे, मग वाचायचे. मग भिंग लावून खूप वेळ बघितलं.

"वहिनी, याची पूजा करता?"

"दर दसऱ्याला," आई अभिमानाने म्हणाली. "सासूबाई करायच्या, त्यांच्या सासूबाई करायच्या. पणजोबांचा हातोडा, चिमटा आणि ही. हळदकुंकू वाहतो, अक्षता टाकतो."

"कुठे वाहता हळदकुंकू?"

"मधोमध."

काकांनी कागद खिडकीकडे धरला. मधोमध तांबडापिवळा डाग, दसऱ्यामागून दसरे चढत गेलेला, तळहाताएवढा. त्याच्या वर पणजोबांचं नाव वाचता येत होतं, खाली शिक्का दिसत होता. जागा कुठली, किती, कुठून कुठवर, ते सगळं डागाखाली.

"हळद घरी कुटलेली?"

"हो. का?"

"चांगली आहे. इतक्या वर्षांत कागदाला कीड नाही." त्यांनी सनद पुन्हा लाल फडक्यात बांधली. "फक्त जमीन तेवढी राहिली नाही."

आईचं तोंड उतरलं. आजही आठवलं की तिचा तो चेहरा माझ्यासमोर येतो. तिने आयुष्यभर नेमाने जे पुण्य समजून केलं होतं, त्यानेच घर जाणार होतं. काकांनाही ते दिसलं असावं. आवाज एकदम खाली आणून म्हणाले, "वहिनी, रडू नका. कागद देणाऱ्याने स्वतःकडे एक नक्कल ठेवलेली असते. तिची पूजा कोणी केली नसणार. सरकारी आहे ना."

संस्थानचे जुने कागद ठेवलेल्या दप्तरखान्यात ते रोज जायचे. निवृत्त होऊन कित्येक वर्षं झाली तरी जायचे. मी समजत होते की ते तिथे मोठे अधिकारी असतील. एकदा जिना चढताना सहज विचारलं तर म्हणाले, "मी? मी बस्ते, कागदांची गाठोडी, वाहायचो. आठवी पास. साहेब म्हणायचे अमुक नंबरचा बस्ता आण, मी डोक्यावरून आणायचो. वाट बघत उभं राहायचं तर करायचं काय? सोडून बघायचो. एक साहेब होते जुने, त्यांनी शिकवलं. ते गेल्यावर सगळे मलाच विचारायला लागले."

मोडी येत नाही म्हणून माझ्या बी.ए.ची थट्टा करणारा माणूस आठवी शिकलेला होता. आणि मजा म्हणजे त्याला त्याची लाज नव्हती, मलाच माझी वाटली.

जुन्या कारकुनांना ते अक्षरावरून ओळखायचे. शंभर वर्षांपूर्वी मेलेली माणसं, नाव-गाव माहीत नाही, पण काकांच्या रोजच्या उठबशीतली. एकाला ते डावरा म्हणायचे. एकाला पोटदुख्या, कारण त्याचं अक्षर पान संपता संपता वाकडं व्हायचं. "याला दुपारचं जेवण सोसत नसे," असं अगदी खात्रीने सांगायचे. एक होता मोती. "मोत्याचं अक्षर बघ, ग्रॅज्युएट. याने आयुष्यात एक खाडाखोड केलेली नाही. घरी शांतता असणार." मग भिंग पुसत, "किंवा घरी कोणीच नसणार."

त्यांच्या चक्रमपणाच्या गोष्टी कोर्टात सगळ्यांना पाठ होत्या. सगळ्यात मोठी म्हणजे ज्या जागेचा वाद चालू आहे, त्या जागेत ते बसत नसत. पाणीही पीत नसत. कागद वाचायच्या आधी जागा पायाखालून घालायची हा त्यांचा नेम. कॅनव्हासचे बूट हातात घ्यायचे, अनवाणी हद्दीवरून चालायचं, आणि परत यायचं.

आमच्याकडे आले तो दिवस मला आठवतो. वैशाखातली दुपार. आईने आधीपासून कैरीचं पन्हं करून ठेवलेलं. काका बूट काढून पागेच्या भिंतीपासून चालायला लागले. पावलाला पाऊल लावून, ओठ हलवत. तापलेल्या मातीवर पाय टेकेना तरी टेकवत होते. मागच्या दोन्ही खोल्यांना फेरी घातली, परसातल्या शेवग्यापाशी थांबले, मग पुढे आले आणि बाबांच्या खोलीच्या उंबऱ्यात उभे राहिले. बाबा खाटेवर उठून बसले.

"या ना भाऊ. बसा."

"निकाल लागू दे, बसतो."

"अहो, निकाल कधी लागायचा! पन्हं तरी घ्या," आई म्हणाली.

"वहिनी, नको. पाहुणचार घेतला की अक्षर गोड दिसायला लागतं."

आई भांडं घेऊन तशीच उभी. मग तिला काय वाटलं कोण जाणे, ती भांडं घेऊन तरातरा रस्त्यावर गेली, लारीच्या पलीकडे जाऊन उभी राहिली आणि तिथून ओरडली, "ही जागा कुणाची?"

"रस्ता? म्युनिसिपालिटीचा."

"त्यात वाद आहे?"

काकांनी विचार केला. खरंच विचार केला, कपाळाला आठी घालून. "नाही."

"मग इथे येऊन प्या."

ते गेले, उन्हात रस्त्याच्या कडेला उकिडवे बसले आणि दोन भांडी पन्हं प्यायले. त्या दिवसापासून आईने त्यांच्याबद्दल वाईट ऐकून घेतलं नाही. म्हणजे, मधले काही महिने सोडले तर. ते पुढे येईलच.

दप्तरखान्यातली नक्कल शोधायला जवळजवळ दोन वर्षं गेली. पहिल्यांदा मी बरोबर गेले तेव्हा खिडकीवरचा माणूस म्हणाला, "काका, पाछा आव्या?" परत आलात?

"आव्यो, भाई. जूना कागळ बोलावे छे."

"अने आ बेन?"

"आ ग्रॅज्युएट छे. एने कशुं आवडतुं नथी." हिला काही येत नाही म्हणे!

तिथे एका बाकावर बसवून त्यांनी मला मोडी शिकवली. चांगलं शिकवत नव्हते. चिडायचे, पेन्सिलीने बोटावर टकटक करायचे. पण अक्षर जमलं की काही बोलायचे नाहीत, नुसतं पुढचं पान उलटायचे. तेवढ्यावर मला कळायचं. माझी कॉलेजची लेक्चर्स बुडायची, पण इतिहास मी तिथे शिकले असं मला वाटतं.

नक्कल सापडली तेव्हा मी शेवटच्या वर्षाच्या परीक्षेत होते. त्यांचा फोन आला. "मोती आहे. आपला कागद मोत्याने लिहिलाय." आवाज कापत होता. "पेपर झाला की ये. घाई नाही. आता कुठे जात नाही तो."

मी पेपर संपल्यावर थेट त्यांच्या खोलीवर गेले. त्यांनी नकलेची झेरॉक्स आणली होती, दप्तरखान्याच्या शिक्क्यासकट. पणजोबांचं नाव. पागेच्या दक्षिण भिंतीपासून इतके हात लांब, इतके हात रुंद जागा घरासाठी दिली. मी स्वतः वाचत होते. थोडी अडखळत, पण वाचत होते. आणि मग शेवटची ओळ आली.

घरासमोर घोड्यांना पाणी पाजण्याचा हौद आहे तो व त्याभोवतालची जागा सरकारची. ती नालबंदाने अडवू नये, बांधू नये.

मी ओळ दोनदा वाचली. घरासमोर म्हणजे आज जिथे बाबांची खोली आहे तिथे. घरात वारा येणारी तेवढी एकच खोली. मागच्या खोल्यांत बाबांना श्वास घेता येत नसे. म्हणून तर ती बांधली होती. ती ओळ कोर्टात गेली की ती खोली गेली.

मी काकांकडे बघितलं. ते चहा गाळत होते.

"काका, सरकारी वकिलाला मोडी येते?"

"नाही."

"जजसाहेबांना?"

"नाही."

"म्हणजे तुम्ही जे भाषांतर द्याल तेच खरं."

"हो." त्यांनी गाळणं झटकलं. "पुढे बोल, ग्रॅज्युएट. अर्धं बोलू नये."

मी बोलले. शेवटची ओळ राहिली तर कोणाला कळणार आहे? कागद जुना आहे, कोपरा फाटला म्हणून सांगता येईल. आम्ही कोणाचं काही चोरत नाही. हौद नाही, घोडे नाहीत. बाबा मात्र आहेत.

मला वाटलं ते ओरडतील. ते ओरडले नाहीत. चहाची कपबशी माझ्यापुढे ठेवली आणि म्हणाले, "मोत्याने सगळं लिहिलं. तुझ्या पणजोबांना काय दिलं ते लिहिलं, काय नाही दिलं तेही लिहिलं. त्याला काय पडलं होतं? पण लिहिलं. मी फक्त बस्ता वाहणारा आहे. वाटेत त्यातलं काही काढून घेणं मला जमणार नाही."

"मग माझ्या बाबांचं काय?"

"ते मला माहीत नाही," ते म्हणाले. डोळे भरले होते त्यांचे. "खरंच माहीत नाही गं."

मी चहा न पिता उतरून आले. घरी आईला सांगितलं. आई संतापली. लारीवर आलेल्या गिऱ्हाइकांसमोरसुद्धा बडबडत होती, "मोठे हरिश्चंद्र! रस्त्यावर बसून पन्हं प्यायला चालतं, आणि आजारी माणसाचं छप्पर काढायला चालतं!" मीही काकांकडे जायचं बंद केलं. चार महिने गेले नाही. दुसरा मोडी वाचणारा मिळतो का हे पण बघितलं. हे लिहायला मला लाज वाटते, पण बघितलं.

बाबांना आम्ही काहीच सांगितलं नव्हतं. पण भिंती पत्र्याच्या. एका दुपारी त्यांनी मला हाक मारली.

"हौद होता," म्हणाले.

"काय?"

"इथे. माझ्या खाटेखाली. दगडी. आजोबा म्हणायचे याला हात लावू नका, हा महाराजांचा आहे. मी लहानपणी त्यात उतरून खेळायचो." दम लागला म्हणून थांबले. "खोली बांधली तेव्हा मीच बुजवला. विटांचा रोडा टाकून. मला वाटलं, आता कोण विचारतं."

मी त्यांच्याजवळ बसले.

"त्या मास्तरांना म्हणावं," काकांना ते मास्तर म्हणायचे, "जे आहे ते वाचा. माझ्यासाठी खोटं नको. मला आधीच श्वास कमी आहे."

मी वाडीत गेले. जिना चढून दारात उभी राहिले. काकांनी भिंगातून माझ्याकडे बघितलं. मी बाबांचा निरोप सांगितला. ते एवढंच म्हणाले, "चपला आत घे."

त्याच आठवड्यात माझा निकाल लागला. मी पास झाले. पुढे प्रमाणपत्र हातात आलं तेव्हा आधी आईला दाखवलं आणि मग त्यांच्याकडे घेऊन गेले. त्यांनी ते हुंगलं. भिंग लावून वरपासून खालपर्यंत वाचलं, छापखान्याचा बारीक नंबरसुद्धा. मागची बाजू बघितली. म्हणाले, "याच्यात चतुःसीमा लिहिलेली नाही."

"प्रमाणपत्रात कुठे चतुःसीमा असते, काका!"

"तेच म्हणतो. पूर्वेला काय, पश्चिमेला काय, काही लिहिलेलं नाही. जा कुठवर जायचं तिथवर."

कोर्टात सरकारी वकिलांचं म्हणणं साधं होतं. पागेची सगळी जमीन सरकारची. नालबंदाला चाकरीपुरतं राहू दिलं. चाकरी संपली, जागा परत. आणि आमच्या सनदेचा डाग दाखवून ते म्हणाले, "साहेब, आ कागळ तो गमे ते जमीननो होई शके." कागद कुठल्याही जमिनीचा असू शकेल. ते चुकीचं बोलत नव्हते. पागेभोवती अशा कितीतरी चाकरांच्या जागा होत्या.

काका साक्षीच्या पिंजऱ्यात उभे राहिले. त्यांना खुर्ची दिली, बसले नाहीत. नक्कल वाचायला लागले. एक ओळ मराठीत, तीच गुजरातीत. सरकारी वकिलांनी मध्येच विचारलं, "ही नक्कल खरी कशावरून? लिहिणाऱ्याला तुम्ही ओळखता?"

"चाळीस वर्षं," काका म्हणाले.

कोर्टात हशा झाला. जजसाहेबही हसले. काका हसले नाहीत. त्यांनी त्याच अक्षरातल्या दुसऱ्या सात-आठ कागदांच्या झेरॉक्स पुढे ठेवल्या आणि वाचत राहिले. शेवटच्या ओळीपाशी आले. एक क्षण माझ्याकडे बघितलं. मग नेहमीपेक्षा मोठ्या आवाजात वाचली. हौद, भोवतालची जागा, सरकारची, बांधू नये. दोन्ही भाषांत.

आमच्या वकीलसाहेबांनी कपाळाला हात लावला. त्यांना वाटलं होतं काका ती ओळ हळू तरी वाचतील. सरकारी वकील खूश झाले. "जुओ साहेब, ए पोते ज कहे छे!" बघा, स्वतःच सांगतोय.

जजसाहेबांनी पेन खाली ठेवलं. त्यांनी विचारलं ते मला शब्दाशब्दाने आठवत नाही, पण अर्थ हा होता: सगळीच जागा सरकारची होती, तर हौदाची तेवढी सरकारची असं वेगळं लिहायचं कारण काय?

सरकारी वकील बोलायला उठले आणि बसले.

मग जजसाहेबांनी विचारलं, हा हौद आज कुठे आहे?

काकांनी हातातली नक्कल पुन्हा पाहिली. ते त्यांच्या कागदात नव्हतं. मी मागून उठले. असं मध्ये बोलायचं नसतं हे मला माहीत होतं. "साहेब, माझ्या वडिलांच्या खाटेखाली आहे. त्यांनी बुजवला."

पुढच्या महिन्यात कोर्टाने नेमलेला माणूस मोजणीदार घेऊन आला. बाबांची खाट परसात शेवग्याखाली नेली. फरशी फोडली, रोडा काढला. हातभर खाली दगडाचा काठ लागला. घोड्यांच्या माना घासून गुळगुळीत झालेला. मोजणीदाराने तिथून टेप लावला. भिंतीपासून हौद आणि घर, मोत्याने लिहिलेल्या हातांचे फूट करून बघितले तर वीतभराचाही फरक नव्हता. कागद कुठल्या जमिनीचा हे आता कोणी विचारणार नव्हतं.

काका सगळा वेळ बाहेर रस्त्यावर, बूट हातात घेऊन उभे होते. आई त्या ओळीच्या वादापासून त्यांच्याशी बोलत नव्हती. ती पदराला हात पुसत त्यांच्याजवळ गेली.

"भाऊ, तुम्हाला माहीत होतं का असं होईल म्हणून?"

"वहिनी, मी वकील आहे का?"

"म्हणजे नव्हतं माहीत?"

"नव्हतं."

आईने पदर खोचला. "मग आणखीच वेडे आहात तुम्ही," म्हणाली, आणि त्यांच्यासाठी लारीवर सेवउसळ काढायला गेली. तिखट जास्त घातलं. तेवढा राग राहिला होता तिचा.

निकाल लागला त्या दिवशी काका कोर्टात आले होते. मागची जागा आमची, हौदाची जागा सरकारची. पुढची खोली आम्ही स्वतः उतरवली, कोणाला यायला लावलं नाही. मागच्या खोलीच्या भिंतीला दोन मोठ्या खिडक्या पाडल्या, समोरासमोर. बाबांची खाट तिथे आली. वारा येतो. पहिल्यासारखा नाही, पण येतो.

सरकारने अपील केलं नाही. तरी निकालानंतर नोंद व्हायला कचेऱ्यांत हेलपाटे घालावे लागले. ते मी घातले. आता मला कागद वाचता येत होते, आणि खिडकीवरच्या माणसाशी कसं बोलायचं तेही. काका मधल्या काळात थकले. मुलगी येऊन त्यांना पुण्याला घेऊन गेली. तिकडून फोन करायचे, तब्येतीचं विचारलं की टाळायचे आणि पुण्यातल्या मोडीवाल्यांची निंदा करायचे. गेल्या हिवाळ्यात ते गेले. खोलीतले लोकांचे कागद त्यांनी पुण्याला जाण्याआधीच नावं घालून ज्याचे त्याला पोचवले होते. मोत्याने लिहिलेल्या कागदांची यादी मात्र माझ्या नावाने ठेवली होती. कागद दप्तरखान्यातच आहेत. मी रविवार सोडून कुठल्याही दिवशी जाऊन ते वाचू शकते, आणि वाचते.

या उन्हाळ्यात सिटी सर्व्हेच्या प्रॉपर्टी कार्डावर आमच्या जागेची नोंद झाली. मालकाच्या रकान्यात बाबांचं आणि आईचं नाव आहे. पणजोबांना मिळाली होती तेवढीच जागा आहे. एक हात कमी नाही, एक हात जास्त नाही.